आखाजीचं वेढणं आणि पुढच्या खोलीतला कापूस

२२ एप्रिल २०२३, शनिवार. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया. अमळनेर तालुक्यातल्या एका कोरडवाहू गावात एका घराची पुढची खोली आढ्यापर्यंत कापसाने भरलेली होती. ३० क्विंटल. विकास सोसायटीचं १ लाख २० हजारांचं पीककर्ज जूनअखेर भरायचं होतं. कृषी केंद्राची ३८ हजारांची उधारी मागच्या हंगामापासून उभी होती, किराणा दुकानात आणखी १८ हजार होते. आणि त्याच दुपारी घरातली मोठी सून तालुक्याच्या सराफाकडे जाऊन साडेतीन ग्रॅमचं वेढणं, म्हणजे सोन्याची साधी गोल अंगठी, घेऊन आली.

मी वाणिज्य शिकवतो. घरखर्चाची वही समोर ठेवून व्यवहार समजून घ्यायचे, ही माझी आवडती पद्धत. हे प्रकरण ओळखीतल्या काही घरांचे व्यवहार एकत्र ठेवून उभं केलं आहे. त्यामुळे हे कुणा एकाचं घर नाही आणि रकमा हिशेबाला सोप्या करून घेतल्या आहेत. बाजाराची चाल, नियम आणि कोण कुणाला काय मागू शकतं याची रीत मात्र त्या वर्षीची, इकडचीच आहे.

वर्गात हे प्रकरण मांडलं की पहिलं उत्तर ठरलेलं असतं: डोक्यावर कर्ज असताना सोनं कशाला घेतलं? अर्थसाक्षरतेच्या शिबिरांतही हेच शिकवतात. आधी कर्ज फेडा, सोनं पडून राहतं, त्याला व्याज नाही. मीही सुरुवातीला वेढण्यावरच बोट ठेवलं होतं. पण वही महिन्यांच्या क्रमाने वाचत गेलो, तसं पैसा वेगळ्याच दाराने बाहेर गेल्याचं दिसलं.

घर

सहा एकर जमीन, पाणी नाही. विहीर आहे, पण माघानंतर तळ दिसतो. घरात आबा, माय, मोठा मुलगा नाना, त्याची बायको (गाव तिला वहिनी म्हणतं, मीही तेच म्हणेन) आणि दोन शाळकरी मुलं. धाकटा भाऊ सुरतेला कापडाच्या कारखान्यात. सुरत-भुसावळ रेल्वेमार्गाने खानदेशातली कितीतरी घरं अशी दोन गावांत विभागली आहेत. शेत इकडे, पगार तिकडे. धाकटा दर महिन्याला मोबाइलवरून ५ हजार पाठवतो. मोटारसायकलचा हप्ता त्यातूनच जातो. महिन्याचा हप्ता महिन्याच्या पगारालाच झेपतो, कापसाला झेपत नाही. शेताचा पैसा दसऱ्यानंतर यायला लागतो आणि खर्च मात्र जूनमध्ये एकदम उभा राहतो.

सोसायटीचं कर्ज या घराचं सगळ्यात स्वस्त कर्ज. केंद्राच्या व्याज सवलत योजनेत ३ लाखांपर्यंतचं पीककर्ज ७ टक्क्यांनी मिळतं, वेळेत फेडलं तर ३ टक्के परत मिळतात आणि राज्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख योजनेमुळे उरलेलं व्याजही शेतकऱ्याला भरावं लागत नाही. म्हणजे मुदतीत फेडणाऱ्याला व्याज शून्य. मुदत चुकली तर सवलत गेली, नवं कर्जही अडलं. म्हणून जून आला की गावात एकच शब्द ऐकू येतो, नवंजुनं. कुठून तरी रक्कम उभी करायची, जुनं कर्ज भरायचं, पंधरा-वीस दिवसांनी नवं उचलायचं आणि ज्याचे आणले त्याचे देऊन टाकायचे.

आता आधी कापसाकडे जाऊ. सोनं शेवटी आलं, कापूस चार महिने आधीपासून अडून बसला होता.

कापूस का थांबला

२०२१-२२ च्या हंगामात कापसाने क्विंटलला १० हजारांचा टप्पा ओलांडला होता. जगभर भाव चढले होते. देशात गिरण्यांना कापूस कमी पडू लागला, म्हणून केंद्राने १४ एप्रिल २०२२ पासून कापसावरचं ११ टक्के आयात शुल्क काही महिन्यांसाठी उठवलं. त्या वर्षी लवकर विकणाऱ्यांना थांबणाऱ्यांपेक्षा कमी मिळालं, आणि हे पारावर रोज बोललं गेलं. कोणी कितीला दिला, कोणी फाल्गुनापर्यंत धरला, कोणाच्या धरलेल्या कापसावर ट्रॅक्टर आला. एका हंगामातली ही गोष्ट पुढच्या हंगामाचा भाव ठरवून गेली. बाजारातला नव्हे, मनातला.

डिसेंबर २०२२ मध्ये खेडा खरेदीवाला व्यापारी काटा घेऊन दारात आला. भाव ८,४००. त्या वर्षी लांब धाग्याच्या कापसाचा हमीभाव ६,३८० होता, म्हणजे हमीभावापेक्षा २ हजार जास्त. आबा म्हणाले, "आते काय घाई शे? भाव यी." शेजारच्या सात-आठ घरांनीही दिला नव्हता. पहिला देणारा म्हणजे अडलेला, असा अर्थ गावात लागतो. ज्याची पुढची खोली रिकामी झाली त्याला पैशाची गरज होती, हे सगळ्यांना कळतं. पुढे मुलाचं लग्न जमवायचं असलं तर ही गोष्ट बैठकीतही निघते. भरलेली खोली ही घराची पत असते.

आणि ती पत नुसती बोलण्यापुरती नाही. किराणा दुकानदार येता-जाता ती खोली बघतो. जानेवारी ते एप्रिल त्याने १८ हजारांचा माल दिला, तो त्या खोलीकडे बघूनच. कृषी केंद्रवाल्यानेही तगादा लावला नाही. घरातल्या सुट्या कापसावर बँक कर्ज देत नाही. कृषी पणन मंडळाची शेतमाल तारण योजना आहे, पण ती गोदामात ठेवलेल्या सोयाबीन, तूर, मका, ज्वारी अशा मालासाठी. कापूस शेतकऱ्याच्या घरातच राहतो. त्याच्यावर उसनं देतो तो फक्त गावातला ओळखीचा माणूस, कारण त्याला तो डोळ्यांनी दिसतो.

तिसरं कारण आबा उघड बोलत नाहीत, वहिनी बोलते. जानेवारीत नणंदेच्या घरून निरोप आला. जावयांना बोअरच्या मोटारीसाठी ५० हजार हवे होते. आबांनी सांगितलं, कापूस अजून विकला नाही. यात खोटं काही नव्हतं. विकला असता तर नाही म्हणता आलं नसतं. लेकीच्या सासरचं मागणं, त्यात जावई, नकार देणं म्हणजे पुढच्या आखाजीला लेक माहेरी येताना मान खाली घालून येणार. रोख रक्कम घरात आली की ती घराची राहत नाही, भाऊबंदांची आणि सोयऱ्यांचीही होते. कापूस कापूसच राहिला तर तो सगळ्यांना दिसतो, पण मागता कोणालाच येत नाही.

म्हणजे थांबण्यामागे हाव होती असं म्हणून पुढे गेलं तर प्रकरण समजत नाही. भावाची आशा होती, खरीच होती. पण त्या आशेच्या खाली दोन पक्क्या गरजा होत्या: दुकानात उधारी चालू ठेवणं आणि सोयऱ्याला न दुखावता नाही म्हणणं. या दोन्ही गरजा कापूस धरून भागत होत्या. फक्त त्याची किंमत किती पडतेय हे घरात कोणी मोजत नव्हतं.

मार्चमध्ये भाव ७,७०० वर आला. नाना म्हणाला, देऊन टाकू. आबा म्हणाले, ८,४०० ला नाही दिला, आता ७,७०० ला देऊ? इथे घराची गाडी खरी अडकली. डिसेंबरचा भाव हुकल्याची बोच होती आणि ती भरून निघेपर्यंत विकायचं नाही असं ठरलं. मे महिन्यात भाव ७ हजारांच्या आसपास. उन्हाने कापूस वाळला, वजन घटलं, रंग पिवळट पडू लागला. साठवलेल्या कापसात बारीक किडे होतात. मुलांच्या अंगाला खाज सुटली आणि सगळे अंगणात झोपू लागले.

आखाजीचं वेढणं

खानदेशात आखाजी म्हणजे वर्षाचा सांधा. सासुरवाशिणी माहेरी येतात, निंबाला झोके बांधतात, गौराईची गाणी म्हणतात, पितरांसाठी घागर भरतात, खापरावरची पुरणपोळी आणि आमरस होतो. सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या गड्याचं, साल याच दिवशी सरतं आणि नवं ठरतं. "आखाजीले देसू" हा शब्द इकडे उधारीच्या व्यवहारात पक्क्या तारखेसारखा चालतो. म्हणूनच वहिनीने भिशीतला आपला नंबर या महिन्यात आणला होता.

बारा बायकांची भिशी, महिना २ हजार, व्याज नाही, लिलाव नाही. पहिल्या महिन्यात चिठ्ठ्या निघतात, पण मग आपापसांत अदलाबदल होते. मार्गशीर्षात घरात लग्न असेल ती तो महिना मागून घेते, शाळेची फी असेल ती जून मागते. वहिनीला चिठ्ठीत श्रावण आला होता. एका मैत्रिणीला कानबाई या खानदेशी देवीच्या रोटांसाठी श्रावणातच पैसे हवे होते, म्हणून दोघींनी बदलले. तिचे २ हजार येत दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचून, एका म्हशीच्या दुधातून आणि ब्लाउज शिवून. हा पैसा सहा एकरांच्या हिशेबात कधीच धरलेला नव्हता.

२४ हजार हातात आले. २२ कॅरेटचं साडेतीन ग्रॅमचं वेढणं, कमी घडणावळीचं आणि ३ टक्के जीएसटीसह, २१ हजारांना पडलं. त्यातले दीड हजारांवर रुपये घडणावळ आणि करात गेले. मोडायला गेली तर ते परत मिळणार नाहीत, हे तिला माहीत होतं. नक्षीचा दागिना तिने म्हणूनच घेतला नाही. त्याच महिन्याच्या १ तारखेपासून सहा अक्षर-अंकांचा ओळख क्रमांक (एचयूआयडी) नसलेला हॉलमार्कचा दागिना विकायला बंदी आली होती. तिने सराफाकडून भिंग मागून तो आकडा पाहिला आणि पावतीवर लिहून घेतला. पुढे गहाण ठेवताना कसाबद्दल वाद नको, एवढाच तिचा हेतू होता. उरलेल्या ३ हजारांत मुलांचे कपडे, नणंदेला साडी आणि आंबे झाले.

वेढणंच का, उधारी का नाही, असं मी विचारलं तेव्हा ती म्हणाली, "हातमा पैसा ऱ्हायना ते कोनी बी मांगस. आंगवरलं सोनं कोनी मांगत नही."

आबा कापसाबद्दल जे करत होते तेच ती सोन्याबद्दल करत होती. दोघंही घरातला पैसा अशा रूपात ठेवत होते की मागणाऱ्याचा हात पोचू नये. फरक एवढाच की कापूस घराचा, निर्णय आबांचा आणि भाव बाजाराचा. वेढणं तिचं. कायद्यानेही स्त्रीधन बाईचं असतं, पण इथे कायद्यापेक्षा रीत जास्त भरवशाची. सुनेच्या अंगावरचं सोनं मागायला सासऱ्यालाही शब्द शोधावे लागतात. आणि ज्या दिवशी ते खरोखर लागेल, त्या दिवशी ती स्वतः काढून देते. तेव्हा घरात तिचा शब्द वजनदार होतो.

जूनचे वीस दिवस

जूनचा पहिला आठवडा. गुलाबी बोंडअळीसाठी हंगामपूर्व लागवड टाळायची म्हणून कपाशीचं बियाणं १ जूनपासून विक्रीला आलं. बीजी-२ या बीटी कपाशीच्या पाकिटाची कमाल किंमत त्या वर्षी ८५३ रुपये, सहा एकरांना बारा पाकिटं. खत वेगळं. आणि सोसायटीचे १ लाख २० हजार.

कापूस ७ हजाराने विकून मोकळं होता आलं असतं. आबांना अजून आठ-दहा दिवस हवे होते. धाकट्याने सुरतेहून ४० हजार पाठवले, तेही मुकादमाकडून उचल घेऊन. उरले ८० हजार. सावकाराचा दर शेकडा ३, महिन्याला. वहिनीने गळ्यातली पोत काढली, मायने आपल्या पाटल्या काढल्या, वर ते वेढणं ठेवलं. सोनं तारण कर्जात तेव्हा किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम देता येत असे. ८० हजार एका तासात मिळाले. मूल्यांकनाची फी धरून वीस दिवसांचा सगळा खर्च दीड हजाराच्या आत बसला.

सोसायटीत जुनं भरलं. सोळा दिवसांनी नवं १ लाख ३० हजार खात्यात आलं. शून्य व्याजाची सवलत वाचली. जूनच्या मध्यावर, आभाळ भरून आल्यावर, कापूस ६,९०० ने गेला. ३० क्विंटलचा २९ भरला. २ लाख १०० रुपये. सोनं सुटून घरी आलं, धाकट्याचे पैसे परत गेले, दोन्ही दुकानांची उधारी फिटली.

इथे एक गोष्ट लपवायला नको. सोन्याने घराला वेळ मिळवून दिला आणि त्याच वेळेत कापूस आणखी शंभर रुपयांनी उतरला. तारण सोपं झालं की चुकीच्या आशेलाही मुदतवाढ मिळते. वहिनीने तेव्हा अट घालायला हवी होती, सोनं देते पण कापूस याच आठवड्यात काढा. तिने घातली नाही. पुढच्या वर्षी घातली.

हिशेब

डिसेंबरात ३० क्विंटल ८,४०० ने दिले असते तर २ लाख ५२ हजार आले असते. जूनमध्ये आले २ लाख १००. फरक ५१,९०० रुपये. त्या पैशातून उधारी डिसेंबरातच फिटली असती, पुढची खरेदी रोखीने झाली असती, तो फायदा आणखी वेगळा.

वेढण्याचा तोटा किती? भिशीचे २४ हजार कृषी केंद्रात भरले असते तर रोखीच्या आणि उधारीच्या भावातला फरक दोन महिन्यांसाठी वाचला असता. दहा टक्के धरला, आणि हे मी सढळ हाताने धरतोय, तरी २,४००. त्यात घडणावळ आणि कराचे दीड हजार मिळवा. चार हजारांच्या आत. समोर त्या तारणाने टाळलेलं सावकारी व्याज.

५२ हजार आणि ४ हजार. वर्गात पन्नास मुलांनी बोट ठेवलं ते ४ हजारांवर. कारण सोनं घेणं हा बाईचा सोस समजला जातो आणि माल धरणं हा पुरुषाचा धंदा. घरातही असंच झालं. जूनमध्ये पैशाची ओढाताण सुरू झाली तेव्हा मायने सुनेला दोनदा ऐकवलं, आखाजीले सोनं लेवानी काय गरज व्हती. कापसाबद्दल आबांना कोणी काही बोललं नाही. मला या प्रकरणातली सगळ्यात बोचणारी गोष्ट हीच वाटते. त्या बाईने अख्खं वर्ष दुसऱ्याच्या शेतात वेचणी करून घराचं सगळ्यात स्वस्त कर्ज वाचवलं, आणि ऐकूनही तिनेच घेतलं.

पुढे सोन्याचा भाव वाढला, २०२४ च्या आखाजीला १० ग्रॅम ७२ हजारांच्या आसपास होता, म्हणून ती बरोबर होती असं मी म्हणणार नाही. २०१३ ते २०१५ या काळात भाव उतरत होता, तेव्हा घेतलेल्यांना बरीच वर्षं वाट पाहावी लागली. वेढण्याची बाजू भाववाढीवर उभी नाही. जून महिन्यात, एका तासात, कोणाच्या पाया न पडता त्याचे पैसे होतात, यावर ती उभी आहे.

रिझर्व्ह बँकेने जून २०२५ मध्ये सोने-चांदी तारणाचे नवे निर्देश काढले. १ एप्रिल २०२६ पासून अडीच लाखांपर्यंतच्या कर्जाला किमतीच्या ८५ टक्क्यांपर्यंत रक्कम देता येते, आणि कर्ज फिटल्यावर सात कामकाजी दिवसांत दागिना परत दिला नाही तर दर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई. खानदेशातल्या नवंजुनं करणाऱ्या घरांसाठी यातला दुसरा नियम पहिल्यापेक्षा मोठा आहे. दागिना वेळेत अंगावर परत आला नाही तर लग्नाच्या मांडवात तो कुठे गेला हे सगळ्यांना सांगावं लागतं.

कापसाच्या बाजूला असं काही नाही. घरातल्या ३० क्विंटलवर रीतसर पाच पैसेही उचलता येत नाहीत, म्हणून तो माल शेतकऱ्याला फक्त दोनच गोष्टी करू देतो: सगळा विक किंवा सगळा धर. अर्धा विकण्याची रीतच नाही, कारण अर्धी रिकामी खोली गावाला रिकामीच दिसते.

दिवाळी २०२३

त्या वर्षीचा ऑगस्ट १९०१ पासूनच्या नोंदींतला देशातला सर्वात कोरडा ऑगस्ट ठरला. सहा एकरांत २२ क्विंटलचा अंदाज होता. दिवाळीआधी पहिल्या दोन वेचण्या झाल्या, ९ क्विंटल. व्यापारी काटा घेऊन आला. भाव ६,९००, लांब धाग्याच्या ७,०२० हमीभावापेक्षाही खाली.

वहिनीने आदल्या रात्री नानाला सांगितलं होतं. पहिल्या दोन वेचण्यांचा कापूस खोलीत भरायचाच नाही, अंगणातूनच काट्यावर जाऊ दे, त्यातून कृषी केंद्राचं खातं बंद करायचं आणि जूनचं बियाणं रोखीने घ्यायचं. खोली मागाहून भरेल. गावाला ती भरलेली दिसायची तेवढी दिसेल. असं असेल तरच पुढच्या जूनला पोत निघेल.

काट्याजवळ ती स्वतः उभी राहिली, डोक्यावर पदर, हातात मुलाची जुनी वही. एकेक गाठोडं चढलं तसा आकडा लिहीत गेली. आबा ओट्यावर बसून बघत होते. शेवटचं गाठोडं उतरलं तेव्हा त्यांनी विचारलं, "आन बाकीना?"

"बाकीना तुमना, आबा," ती म्हणाली, आणि वही मिटली.